दावा गैरहजेरीत निघाला? दिवाणी दाव्यांबद्दल वारंवार विचारले जाणारे प्रश्न

तालुका कोर्टात वकिली करताना सगळ्यात केविलवाणा चेहरा मी पाहिला आहे तो दावा हरलेल्या माणसाचा नाही. दावा न चालताच गेला, हे ज्याला सहा महिन्यांनी कळतं त्याचा तो चेहरा असतो. हरलेल्याला निदान कारण समजतं. याला फक्त एवढंच कळतं की कुठल्याशा तारखेला नाव पुकारलं आणि कुणी ‘हजर’ म्हटलं नाही. अशा पक्षकारांनी मला वारंवार विचारलेले प्रश्न इथे घेतले आहेत. उत्तरं दिवाणी प्रक्रिया संहिता, १९०८ आणि मुदतीचा कायदा, १९६३ यांना धरून आहेत. ती महाराष्ट्राला आणि गोव्यालाही लागू पडतात.

‘केस डिफॉल्टमध्ये गेली’ म्हणजे नेमकं काय झालं?

ठरलेल्या तारखेला दाव्याचा पुकारा झाला, वादी किंवा त्याचे वकील हजर नव्हते, म्हणून कोर्टाने दावा काढून टाकला. जमीन कुणाची, पैसे कुणी द्यायचे, यावर कोर्टाने काहीही ठरवलेलं नाही. समोरचा गावभर ‘आम्ही जिंकलो’ म्हणून पेढे वाटत असेल, तरी तो जिंकलेला नाही. गुणदोषांवर निर्णयच झालेला नसल्यामुळे हा आदेश ‘एकदा निवाडा झाला, आता पुन्हा नाही’ या तत्त्वात बसत नाही. सर्वोच्च न्यायालयाने हे २०२३ मध्ये पुन्हा स्पष्ट केलं आहे.

पण निवाडा झालेला नाही म्हणून निर्धास्तही राहू नका. दार उघडं आहे की बंद, हे पुढच्या प्रश्नावर ठरतं.

त्या दिवशी समोरचा माणूस हजर होता की नव्हता, याने काय फरक पडतो?

सगळा फरक यानेच पडतो. म्हणून माझ्याकडे कुणी असा दावा घेऊन आलं की मी आधी रोजनामा, म्हणजे कोर्टातल्या तारखेतारखेच्या कामकाजाची नोंद, मागते, हकीगत नंतर ऐकते.

संहितेच्या आदेश ९ मध्ये (इथे ‘आदेश’ म्हणजे संहितेतलं नियमांचं प्रकरण, कोर्टाचा हुकूम नव्हे) दोन वेगळ्या परिस्थिती आहेत. नियम ३ प्रमाणे वादी आणि प्रतिवादी दोघेही गैरहजर असतील तर कोर्ट दावा काढून टाकू शकतं. अशा वेळी नियम ४ वादीला दोन वाटा देतो. तोच दावा पुन्हा फाईलवर घ्या असा अर्ज करता येतो, किंवा मुदत शिल्लक असेल तर सरळ नवा दावा लावता येतो.

नियम ८ ची परिस्थिती कठीण आहे. प्रतिवादी हजर आणि वादी गैरहजर, असं असेल तर कोर्ट दावा काढून टाकतं. प्रतिवादीने मागणी किंवा तिचा काही भाग कबूल केला असेल तर तेवढ्यापुरता हुकूमनामा (डिक्री, म्हणजे हक्क ठरवणारा कोर्टाचा निर्णय) होतो. अशा पद्धतीने दावा गेला की नियम ९ मुळे त्याच कारणावरून नवा दावा लावायला मनाई आहे. मग एकच वाट उरते, ती म्हणजे आदेश रद्द करून दावा मूळ नंबरावर घ्या, असा अर्ज. तो हातचा गेला तर हक्क कागदावर राहतो, पण तो मागायला कोर्टाचं दार राहत नाही. तुमच्यावर कुणी दावा लावला तर बचावात तोच हक्क मांडता येतो, इतकंच.

नवा दावा चालत असला तरी एक हिशेब करावाच लागतो. पहिला दावा कोर्टात पडून होता तो काळ मुदतीतून वजा होत नाही. साठेखतावरून खरेदीखत करून मागण्याच्या दाव्याला तीन वर्षांची मुदत असते. पहिला दावाच चार वर्षं चालून गैरहजेरीत गेला असेल तर नव्या दाव्याची वाट नावापुरतीच उरते. शिवाय कोर्ट फी पुन्हा भरावी लागते. म्हणून दोन्ही वाटा खुल्या असल्या तरी मी आधी जुना दावा फाईलवर आणायचा प्रयत्न करते.

वाटपाच्या दाव्यांचं जरा वेगळं आहे. मिळकत सामाईक आहे तोवर वाटप मागण्याचं कारण संपत नाही, असं अनेक उच्च न्यायालयांनी म्हटलं आहे. त्यामुळे तिथे दुसरा दावा टिकण्याची शक्यता बरीच जास्त असते. तरी त्यावर विसंबून अर्जाच्या मुदतीचे तीस दिवस घालवू नयेत.

रोजनामा कुठे मिळेल?

ई-कोर्ट्सच्या ॲपवर किंवा संकेतस्थळावर सीएनआर नंबर, म्हणजे प्रत्येक प्रकरणाचा स्वतंत्र ओळख क्रमांक, टाका. तो सोळा अक्षरी-अंकी असतो आणि महाराष्ट्रातला ‘एमएच’ने सुरू होतो. तिथे तारीखवार कामकाज दिसतं. पण ऑनलाइन नोंद अनेकदा एका ओळीची असते आणि त्यात प्रतिवादी हजर होता का ते लिहिलेलं नसतं. म्हणून कोर्टात जाऊन मूळ रोजनामा आणि आदेश पाहा, नकलेसाठी अर्ज द्या. ‘वादी व त्यांचे वकील पुकारूनही गैरहजर, प्रतिवादीतर्फे वकील हजर’ या अर्थाचं वाक्य शोधायचं. प्रतिवादीचे वकील हजर असतील तर कायद्याने प्रतिवादीही हजर धरला जातो.

एक तारीख चुकली की लगेच दावा जातो का?

नियमाने जाऊ शकतो. प्रत्यक्षात बहुतेक न्यायाधीश सकाळी पुकारा झाल्यावर दुपारी पुन्हा पुकारतात, एखाददुसरी ‘शेवटची संधी’ देतात. पण जुने दावे निकाली काढायचा जोर असतो त्या दिवसांत ही सवलत गृहीत धरू नका. सुनावणीत एका पक्षाला तीनपेक्षा जास्त तहकुबी देऊ नयेत, असं आदेश १७ सांगतो.

दुसरी बाजूही सांगते. दावा ‘सुनावणीसाठी’ पुकारलेला असला पाहिजे. तारीख फक्त समन्सचा अहवाल येण्यासाठी किंवा एखाद्या किरकोळ कामासाठी ठेवलेली असेल आणि त्या दिवशी अख्खा दावाच काढून टाकला असेल, तर तो मुद्दा अर्जात ठळकपणे घ्या.

उशीर झाला आणि दावा निघाल्याचं कोर्टात पोहोचल्यावर कळलं, तर घरी परतू नका. त्याच दिवशी, न्यायाधीश उठायच्या आत अर्ज द्या. एसटी बंद पडल्यामुळे तासभर उशिरा पोहोचलेल्या एका बाईंचा दावा त्याच दिवशी दुपारी परत घेतला गेला, कारण त्या तिकीट हातात धरून कोर्टातच थांबून राहिल्या होत्या. दुसऱ्या दिवशी आल्या असत्या तर नोटीस, म्हणणं, युक्तिवाद यात किती महिने गेले असते याचा नेम नाही.

अर्जाला मुदत किती?

तीस दिवस. मुदतीच्या कायद्याच्या अनुसूचीतला अनुच्छेद १२२ हे आदेशाच्या तारखेपासून मोजायला सांगतो. तुम्हाला कधी कळलं, याला इथे महत्त्व नाही. आदेशाचा दिवस सोडायचा. १० जूनला दावा निघाला तर १० जुलै हा शेवटचा दिवस. त्या दिवशी कोर्ट बंद असेल तर कोर्ट उघडेल त्या दिवशी अर्ज चालतो. उन्हाळी सुट्टीत हे उपयोगी पडतं.

एक चूक फार जण करतात. नक्कल मिळेपर्यंत थांबतात. अपिलाच्या मुदतीतून नक्कल मिळायला लागलेला काळ वजा होतो, पण या अर्जासाठी तशी सोय कायद्यात नाही. अर्ज आधी दाखल करा, नक्कल मागून जोडता येते.

तीस दिवस उलटून गेले. आता?

मुदतीच्या कायद्याच्या कलम ५ खाली विलंब माफीचा अर्ज सोबत द्या. उशीर किती दिवसांचा आहे ते नीट मोजून लिहा आणि त्या दिवसांत काय काय घडलं ते क्रमाने सांगा. आजारपण असेल तर कागद जोडा. ‘कोर्टाच्या कामकाजाची माहिती नव्हती’ एवढ्या एका वाक्यावर आता कुणी विलंब माफ करत नाही.

सर्वोच्च न्यायालयाने १९८७ मध्ये अनंतनागच्या भूसंपादन प्रकरणात विलंबाकडे उदारपणे पाहायला सांगितलं आणि तो निकाल आजही रोज वाचला जातो. पण वर्षानुवर्षं झोपून राहिलेल्यांचे अर्ज नामंजूर करणारे निकालही त्याच न्यायालयाचे आहेत. काही दिवसांचा उशीर आणि काही वर्षांचा उशीर एका तराजूत तोलले जात नाहीत.

‘पुरेसं कारण’ म्हणजे काय काय चालतं?

त्या तारखेला तुम्ही का येऊ शकला नाही, याचं खरं, पटण्यासारखं आणि शक्य तितकं कागदाने दाखवता येणारं कारण. दवाखान्यात दाखल असणं, घरात मृत्यू, पुराने रस्ता बंद होणं, तारीख चुकीची टिपली जाणं, कोर्ट बदललं किंवा दावा दुसऱ्या न्यायाधीशांकडे वर्ग झाला आणि कळवलं गेलं नाही, ही सगळी कारणं ग्राह्य धरली गेली आहेत. कोर्ट त्या एका तारखेच्या गैरहजेरीचं कारण पाहतं. तुम्ही त्याआधी दोनदा तारीख मागितली होती, एवढ्यावरून अर्ज फेटाळला जाऊ नये, हे २००० साली सर्वोच्च न्यायालयाने सांगितलेलं आहे.

१९५५ चा संग्रामसिंग विरुद्ध कोटा निवडणूक न्यायाधिकरण हा निकाल मला अजून मोलाचा वाटतो. प्रक्रियेचे नियम न्याय सुलभ व्हावा म्हणून आहेत, माणसाला पायात पाय घालून पाडण्यासाठी नाहीत, हा त्याचा आशय. तो वाचल्यावर नव्या वकिलालाही धीर येतो.

खोटं कारण मात्र देऊ नका. गावातल्या डॉक्टरकडून मागच्या तारखेचा दाखला आणण्याचा सल्ला तुम्हाला कुणीतरी देईलच. समोरचा वकील त्याच दिवशी तुम्ही बाजार समितीत माल विकल्याची पावती हजर करतो आणि मग फक्त अर्ज जात नाही, दाव्यातला तुमचा शब्दही हलका होतो. विसरलात तर ‘तारीख चुकली’ असं लिहा. प्रामाणिक चूक बहुतेक वेळा थोडा खर्च लावून माफ होते.

वकीलच गेले नाहीत. माझा त्यात काय दोष?

हा प्रश्न विचारताना लोकांचा आवाज चढतो आणि तो चढणं रास्त आहे. फी दिली, वकीलपत्र दिलं, आणखी काय करायचं? १९८१ च्या रफीक विरुद्ध मुन्शीलाल या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने पक्षकाराची हीच बाजू घेतली. वकील नेमून निर्धास्त झालेल्या खेड्यातल्या माणसाला वकिलाच्या चुकीची शिक्षा देऊ नये, असं म्हटलं. तुमच्या अर्जात या निकालाचा आधार घेतला जाईलच.

पण हे कवच सगळ्यांना सारखं मिळत नाही. १९९३ मध्ये एका कलकत्त्याच्या कंपनीने ‘वकिलांनी येऊ नका सांगितलं’ हेच कारण दिलं, तेव्हा त्याच न्यायालयाने ते मानलं नाही. ही अडाणी खेडूत नव्हे, शहरातली कंपनी आहे, तिने स्वतः लक्ष द्यायला हवं होतं, असं सुनावलं. म्हणजे तुम्ही कोण आहात, वकिलांकडे किती वेळा चौकशी केली, याची दखल घेतली जाते. वकिलांना केलेले फोन, पाठवलेले संदेश जपून ठेवा.

वकिलांविरुद्ध गैरवर्तनाची तक्रार महाराष्ट्र आणि गोवा बार कौन्सिलकडे करता येते. ग्राहक आयोगात मात्र नाही. वकिलाची सेवा ग्राहक कायद्यात येत नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने मे २०२४ मध्ये ठरवलं. मी स्वतः वकील असूनही सांगते, तक्रार करायची असेल तर जरूर करा, पण आधी दावा फाईलवर आणा. तक्रारीच्या नादात तीस दिवस संपलेले मी पाहिले आहेत.

वकिलांनी ‘नो इन्स्ट्रक्शन’ची पर्सिस (कोर्टाला दिलेलं लेखी निवेदन) दिली आणि दावा गेला. मला कुणी सांगितलंच नाही.

पक्षकाराकडून सूचना नाहीत असं सांगून वकील बाजूला झाले, तर कोर्टाने पक्षकाराला नोटीस काढून कळवायला हवं, हे सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं आहे. अशी नोटीस निघाली होती का ते रोजनाम्यात पाहा. निघाली नसेल तर तुमचा अर्ज बळकट आहे.

अर्ज कुठे करायचा आणि त्यात काय हवं?

ज्या कोर्टाने दावा काढला त्याच कोर्टात. दाव्याचा नंबर, आदेशाची तारीख, गैरहजेरीचं कारण, नियम ४ की नियम ९ ते स्पष्ट, आणि सोबत प्रतिज्ञापत्र. आधीच्या वकिलांची डायरी चुकली असेल तर त्यांचं प्रतिज्ञापत्र मिळालं तर सोन्याहून पिवळं. नियम ९ च्या अर्जात समोरच्याला नोटीस बजावल्याशिवाय आदेश होत नाही. अर्ज मंजूर करताना कोर्ट बहुधा समोरच्याला खर्च द्यायला लावतं. तो सांगितलेल्या मुदतीत भरा. खर्च भरला नाही म्हणून मिळालेला आदेश वाया गेलेली प्रकरणं आहेत.

फी परवडत नसेल तर तालुका विधी सेवा समितीत जा. स्त्रिया, मुलं, अनुसूचित जाती-जमातींचे लोक आणि अपंग यांना उत्पन्न न पाहता मोफत वकील मिळतो. फोनवरून विचारायचं असेल तर १५१०० हा क्रमांक आहे.

अर्जाऐवजी थेट अपील करता येईल का?

नाही. गैरहजेरीतला आदेश हा हुकूमनामा नव्हे, असं संहितेचं कलम २(२) सांगतं. पण नियम ९ चा अर्ज नामंजूर झाला तर त्या नामंजुरीवर अपील चालतं, आदेश ४३ मध्ये तशी तरतूद आहे. नियम ४ चा अर्ज नामंजूर झाला तर अशा अपिलाची सोय नाही.

दावा परत घेण्याच्या अर्जाच्या तारखेलाच मी गैरहजर राहिलो आणि अर्जही निघाला. संपलं?

संपलं नाही. १९७६ च्या दुरुस्तीने कलम १४१ ला जोडलेल्या स्पष्टीकरणामुळे आदेश ९ खालच्या अर्जालाही हीच प्रक्रिया लागू होते. म्हणजे आधी अर्ज फाईलवर आणण्याचा अर्ज, मग दावा फाईलवर आणण्याचा. पण दोनदा चुकलेल्या माणसाकडे न्यायाधीश वेगळ्या नजरेने पाहतात.

मला मनाई हुकूम मिळालेला होता. त्याचं काय?

दाव्याबरोबर तोही गेला. याच काळात समोरचा बांधकाम सुरू करतो, जमीन विकायला काढतो, सातबाऱ्यावरची दाव्याची नोंद कमी करायला आदेशाची नक्कल घेऊन धावतो. म्हणून घाई.

दावा पुन्हा फाईलवर आला की, कोर्टाने उलट काही म्हटलं नसेल तर मनाई हुकूमही पुन्हा जिवंत होतो. सर्वोच्च न्यायालयाने २००४ मध्ये बहुमताने असं ठरवलं आहे. तरी मी आदेशात तसं स्पष्ट लिहून मागते. निकालापूर्वीची जप्ती मात्र अशी आपोआप परतत नाही. ती नव्याने मागावी लागते, हे आदेश ३८ नियम ११-अ मध्ये लिहिलेलं आहे.

समन्सचा खर्च भरला नाही म्हणून दावा गेला. हे पण गैरहजेरीसारखंच का?

जवळपास. बजावणीचा खर्च न भरल्याने समन्स बजावलं गेलं नाही तर नियम २, आणि समन्स बिनबजावणी परत आल्यावर सात दिवसांत नवं समन्स मागितलं नाही तर नियम ५. ही मुदत २००२ पर्यंत एक महिना होती. पत्ता शोधूनही सापडत नाही किंवा प्रतिवादी बजावणी टाळतो आहे, असं दाखवलं तर नियम ५ मधून सुटका होते. दोन्हींत मुदतीत असाल तर नवा दावा चालतो.

आम्ही चार भावंडं वादी आहोत. सगळ्यांनी जायला हवं का?

नको. एकजण हजर असेल तर कोर्ट सगळे हजर असल्यासारखं काम पुढे नेऊ शकतं. भावंडांत ज्याला कोर्ट जवळ पडतं त्याच्यावर हे सोपवा आणि बाकीच्यांनी त्याचा प्रवासखर्च वाटून घ्या. पुण्यातला भाऊ गावातल्यावर आणि गावातला पुण्यातल्यावर विसंबून राहिला, म्हणून गेलेले दावे थोडे नाहीत.

माझा पुरावा झाला होता, त्यानंतर तारीख चुकली. तरी दावा जातो?

आदेश १७ नियम २ च्या स्पष्टीकरणाप्रमाणे, गैरहजर पक्षाचा पुरावा पूर्ण किंवा बराचसा नोंदला गेला असेल तर कोर्ट तो हजर आहे असं समजून पुढे जाऊ शकतं आणि गुणदोषांवर निकाल देऊ शकतं. असा निकाल लागला तर वरचा अर्ज चालत नाही, अपील करावं लागतं. इथेही आदेश वाचल्याशिवाय पाऊल उचलू नका.

मी प्रतिवादी आहे. मी न गेल्यास?

दावा तुमच्याविरुद्ध एकतर्फी चालतो. पण ‘एकतर्फी’चा शिक्का बसला म्हणजे दार बंद, असं नाही. त्या टप्प्यापासून पुढे तुम्ही येऊन उलटतपास घेऊ शकता. मागचं उघडून हवं असेल तर नियम ७ खाली कारण दाखवा. एकतर्फी हुकूमनामा झाला असेल तर नियम १३ खाली तीस दिवसांत अर्ज. समन्स नीट बजावलं गेलं नसेल तर हे तीस दिवस हुकूमनामा कळल्यापासून मोजतात. वादीला नसलेली ही सवलत तुम्हाला आहे. समन्समध्ये बारीकसारीक दोष होता, पण तारीख तुम्हाला माहीत होती, असं दिसलं तर मात्र तेवढ्यावर हुकूमनामा रद्द होत नाही.

अपील आणि दरखास्तीलाही हेच नियम का?

अपिलात अपीलदार गैरहजर राहिला तर अपील काढून टाकता येतं, पण त्याच्या गैरहजेरीत ते गुणदोषांवर फेटाळता येत नाही. परत घेण्याचा अर्ज तीस दिवसांत.

दरखास्त, म्हणजे हुकूमनाम्याची अंमलबजावणी, इथे जपून राहा. अर्जाला तीस दिवसच आहेत, आणि विलंब माफीच्या कलम ५ च्या मजकुरातूनच आदेश २१ वगळलेला आहे. दावा जिंकलो म्हणून निर्धास्त झालेले इथेच अडकतात.

वडील वादी होते, ते वारले. आम्हाला कळायच्या आत दावा गेला.

मृत्यूपासून ९० दिवसांत वारसांची नावं लावावी लागतात, नाहीतर त्यांच्यापुरता दावा आपोआप संपतो. त्यानंतर ६० दिवसांत तो परिणाम रद्द करून घेण्याचा अर्ज करता येतो. म्हणजे ही गैरहजेरीची बाब राहत नाही, अर्ज वेगळा होतो. वकिलांकडे जाताना मृत्यूदाखला सोबत न्या. तारखांवरूनच कुठला अर्ज ते ठरतं.

लोकअदालतीला गेलो नाही तर दावा जाईल का?

नाही. तिथे तडजोड झाली नाही तर प्रकरण पुन्हा कोर्टात येतं. पण कोर्टातली पुढची तारीख काय पडली, ते त्याच आठवड्यात पाहून घ्या.

मी दुबईत आहे, जमीन रत्नागिरीत. दरवेळी कसं येणार?

दर तारखेला वकील हजर असले की पुरतं. कुलमुखत्यारपत्र देऊन नात्यातल्या माणसाकडे पाठपुरावा सोपवता येतो. पण तुम्हाला स्वतःला माहीत असलेल्या गोष्टींची साक्ष तुमच्या जागी मुखत्यार देऊ शकत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने २००४ मध्ये सांगितलं आहे. साक्षीच्या वेळी या, किंवा व्हिडिओवरून साक्ष घेण्याची परवानगी वेळेवर मागा.

उच्च न्यायालयात प्रकरण असेल तर आणखी एक. १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला मुंबई उच्च न्यायालयाचा सर्किट बेंच सुरू झाला आणि कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी, सिंधुदुर्ग या सहा जिल्ह्यांचं काम तिथे चालतं. तुमचे वकील मुंबईचे असतील आणि तेच अजून मुंबईचा बोर्ड (त्या दिवशीच्या प्रकरणांची यादी) पाहत असतील तर आजच फोन करा.

तारीख चुकू नये म्हणून मी स्वतः काय करू?

सीएनआर नंबर घरातल्या दोन माणसांच्या मोबाइलमध्ये ठेवा. तारखेच्या आदल्या संध्याकाळी ॲपवर पाहा आणि वकिलांना फोन करा. तारखेच्या रात्री पुन्हा पाहा, पुढची तारीख कॅलेंडरवर लिहा. कोर्ट बदललं, नंबर बदलला, तर नवा नंबर जुन्याशेजारी लिहा. पत्ता किंवा मोबाइल बदलला तर वकिलांना लेखी कळवा. आणि ॲपवर ‘निकाली’ हा शब्द दिसला, तर कसा निकाली निघाला ते विचारायला त्याच दिवशी निघा.